भीतीला राखणदार नेमू नका

आयर्लंडच्या पश्चिमेला, क्लेअर काउंटीत, मी रस्त्यांच्या आखणीचं काम करते. नव्या रस्त्याची रेघ ओढण्याआधी नकाशावर पुरातत्त्वाच्या नोंदींचा थर उघडावा लागतो. तो उघडला की हिरव्या शेतांवर लाल ठिपकेच ठिपके उमटतात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा वाटलं, सॉफ्टवेअरमध्ये काहीतरी बिघडलंय. बिघडलं काही नव्हतं. त्यातले बरेचसे ठिपके म्हणजे ‘लिस’ होते.

लिस म्हणजे शेतातला मातीचा गोल बांध. बाहेरून चर, आत मोकळी जागा. साधारण इसवी सन 500 ते 1000 या काळात शेतकरी कुटुंबं अशा बांधाच्या आत घर करून, रात्री गुरं आत घेऊन राहायची. देशभरात असे 40 हजारांहून जास्त लिस आहेत. लिस्टोवेल, लिसमोर, लिसडूनवार्ना या गावांच्या नावांतला ‘लिस’ तो हाच. माणसं गेली, बांध उरले. कोणी बांधले हे विसरलं गेल्यावर लोक म्हणू लागले, इथे ‘ते’ राहतात.

‘ते’ कोण, हे मराठीत सांगताना अडायला होतं. ‘परी’ म्हटलं की डोळ्यांपुढे शाळेच्या गॅदरिंगमधली पंख लावलेली मुलगी येते. आयरिश लोकांचे ‘ते’ तसले नव्हेत. ते गुरं पाळतात, हर्लिंग हा इथला काठी-चेंडूचा खेळ खेळतात, आपसांत लढाया करतात, वाटेत आडव्या आलेल्याला आजारी पाडतात, बाळंतिणीला आणि मुलाला पळवून नेतात. आपल्याकडे साती आसरा, जखीण, वेताळ यांच्याविषयी ज्या आवाजात बोलतात, तो आवाज इथे लागतो. त्यांचं नाव थेट घ्यायचं नाही, ‘भली माणसं’ म्हणायचं. रात्री सापाला आपण ‘लांबडं’ म्हणतो आणि अंगभर फोड आणणाऱ्या रोगाला ‘देवी’ म्हणत आलो, तसंच हे. चकवा तर हुबेहूब आपलाच. स्वतःच्याच शेतात नको त्या ढेकळावर पाय पडला की माणसाला बाहेर पडायची वाट सापडत नाही, तो रात्रभर कुंपणाच्या कडेकडेने फिरत राहतो. उपाय एकच, अंगातला कोट काढून उलटा घालायचा.

कोटाचा उपाय मला माझ्या घरमालकिणीने सांगितला. तिचं वय 84. इथल्या रीतीप्रमाणे मी तिला नावानेच हाक मारते, मनात मात्र आजीच म्हणते. तिच्या शेतातही एक लिस आहे. गवत कापणारं यंत्र बांधाजवळ आलं की वळसा घालून जातं. आतलं गवत कोणी कापत नाही, आतल्या झाडाची काटकी कोणी उचलत नाही. ‘तुमचा विश्वास आहे का यावर?’ असं मी पहिल्याच वर्षी विचारलं होतं. तिने उत्तर दिलं, ‘विश्वास नाही गं. पण आहेत ते.’ पुढे हेच उत्तर मी इथे दहा-बारा जणांकडून ऐकलं.

इथले माझे मराठी मित्रमैत्रिणी हे ऐकलं की म्हणतात, ‘किती गोड ना!’ सुट्टीत भारतातून पाहुणे आले की त्यांना ‘त्यांचं’ म्हणून राखलेलं लॅटूनचं झुडूप दाखवायला नेतात. त्याच जेवणाच्या टेबलावर गावाकडच्या देवऋषाचा विषय निघाला की तोंडं वाकडी होतात. हा दुजाभाव मला सहन होत नाही. गोऱ्या माणसाची भुताटकी म्हणजे सांस्कृतिक वारसा आणि आपल्या वाडीतली म्हणजे मागासलेपणा, हे कोणत्या न्यायाने?

माझ्यासाठी हा गप्पांचा विषय नाही. मी आठ-नऊ वर्षांची असताना माझी धाकटी आत्या बाळंतपणाला पाटणजवळच्या आमच्या गावी आली होती. मूल झाल्यावर ती बोलेनाशी झाली. झोपायची नाही, बाळाला जवळ घ्यायची नाही. बायका म्हणाल्या, बाहेरचं आहे. देवऋषी आला. माजघराची दारं लावून पाटीत निखारे घेतले, त्यावर सुक्या मिरच्या टाकल्या आणि आत्याचे केस धरून तिचं तोंड त्या धुरावर दाबलं. मी पडवीत होते. ठसका सगळ्या घराला लागला. देवऋषी एकच विचारत होता, ‘बोल, कोण आहेस तू?’ आत्या खोकत खोकत स्वतःचं नाव सांगत होती. तिने नाव सांगितलं की छडी बसायची, कारण त्याला ते नाव नको होतं. त्याला दुसऱ्या कुणाचं तरी नाव हवं होतं. तिसऱ्या दिवशी माझे वडील पुण्याहून आले, त्यांनी तिला उचललं आणि साताऱ्याला दवाखान्यात नेलं. आत्या बरी झाली. पुढे कॉलेजात असताना अंधश्रद्धा निर्मूलनाच्या शिबिरांना मी जाऊ लागले, त्याचं कारण ती पडवी.

त्यामुळे या देशात आले ती अविश्वास सोबत घेऊनच आले. पण इथे राहून तो पूर्वी होता तसा राहिला नाही. कसा बदलला ते सांगायचं तर आधी लॅटूनला जावं लागेल.

क्लेअरमध्येच, न्यूमार्केट-ऑन-फर्गसजवळ लॅटून इथे 1999 साली मोठ्या रस्त्याचं काम येऊ घातलं होतं. वाटेत व्हाइटथॉर्नचं एकच एक झुडूप होतं. काटेरी, वाऱ्याने एका बाजूला कललेलं, मे महिन्यात पांढऱ्या फुलांनी भरणारं. एडी लेनिहान हे इथले नावाजलेले कथेकरी आणि लोककथांचे संग्राहक. त्यांनी ‘आयरिश टाइम्स’ला पत्र लिहिलं, की मन्स्टर प्रांताचे ‘ते’ कॉनॉट प्रांताच्या ‘त्यां’शी लढायला निघतात तेव्हा या झुडपापाशी जमतात, झुडूप तोडलं तर या रस्त्यावर अपघात होतील, जीव जातील. बातमी जगभर गेली. शेवटी काउंटीच्या अभियंत्यांनी आराखड्यात झुडपाला जागा करून दिली, भोवती कुंपण घातलं, आणि रस्ता बाजूने गेला.

झुडूप वाचलं याचा मला आनंद आहे, मनापासून आहे. त्याच्यासाठी आराखडा बदलणाऱ्यांना मी वेडं म्हणणार नाही. मीही तेच केलं असतं. पण ‘तोडलं तर माणसं मरतील’ या कारणाने झाड वाचवलं, की ते कारण लोकांच्या हाती राहतं. ते पुढे कुठे वापरलं जाईल यावर आपला ताबा राहत नाही.

2017 साली केरी काउंटीचे खासदार डॅनी हिली-रे यांनी एन-22 या रस्त्याला पुन्हा पुन्हा पडणाऱ्या खळग्याचा संबंध जवळपासच्या लिसशी जोडला. त्यांचा स्वतःचा खोदकामाच्या यंत्रांचा व्यवसाय आहे. उपाशी मरेन, पण लिसला यंत्र लावणार नाही, असं ते म्हणाले. खळग्याचं कारण जमिनीखालच्या थरात आहे, असं काउंटीचं म्हणणं होतं. पेपरांनी ती गमतीची बातमी म्हणून छापली आणि लोक हसले. मला हसू आलं नाही, कारण तो रस्ता फ्लेस्क नदीच्या खोऱ्यातून जातो. 1826 साली याच नदीत ॲन रोश नावाच्या म्हातारीने मायकेल लेही नावाच्या लहान मुलाला सलग तीन दिवस सकाळी बुडवून काढलं. त्याला उभं राहता येत नव्हतं, बोलता येत नव्हतं. खरं मूल ‘त्यांनी’ नेलं आणि हे त्यांचं टाकून गेलेत, अशी समजूत होती. पाण्याने ‘ते’ बाहेर पडेल. तिसऱ्या दिवशी जरा जास्त वेळ धरलं. ट्रलीच्या न्यायालयाने म्हातारीला निर्दोष सोडलं, कारण तिचा हेतू मारण्याचा नव्हता, बरं करण्याचा होता. आज अशा मुलाला आपण फिजिओथेरपीला नेतो, विशेष शाळेत घालतो.

मग ब्रिजेट क्लिअरी. टिपररी काउंटीतल्या बॅलिव्हाडली इथे राहणारी, 26 वर्षांची. कपडे शिवायची, स्वतःचं शिलाई मशीन होतं, कोंबड्या पाळून अंडी विकायची. मूलबाळ नव्हतं. मार्च 1895 मध्ये बाहेर गेली असताना तिला थंडी भरली आणि ती अंथरुणाला खिळली. नात्यातला एक म्हातारा तिला बघून म्हणाला, ही आपली ब्रिजेट नव्हे. नवऱ्याने डॉक्टर बोलावला, पाद्री बोलावला, आणि झाडपाला देणाऱ्याकडेही गेला. दुधात उकळलेला पाला तिच्या तोंडात जबरदस्तीने ओतला. चार-चार पुरुषांनी धरून तिला चुलीच्या जाळाशी नेलं आणि देवाची शपथ घालून तीनदा विचारलं, तू मायकेल क्लिअरीची बायको ब्रिजेट आहेस का? ती हो म्हणाली. तिचा बाप त्या खोलीत होता. दुसऱ्या रात्री, 15 मार्चला, नवऱ्याने तिच्या अंगावर दिव्याचं तेल ओतलं. नंतर तीन रात्री तो हातात सुरी घेऊन जवळच्या लिसपाशी उभा राहिला. खरी ब्रिजेट तिथून पांढऱ्या घोड्यावर बसून बाहेर येईल, दोर कापून तिला सोडवायची, असं त्याने सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. 22 मार्चला पोलिसांना तिचं प्रेत घरापासून थोड्या अंतरावर उथळ खड्ड्यात सापडलं. नवऱ्याला सदोष मनुष्यवधासाठी 20 वर्षांची शिक्षा झाली.

हा तपशील मी पहिल्यांदा वाचला तेव्हा पुस्तक मिटून बाहेर जाऊन उभी राहिले. बोल, कोण आहेस तू? ती स्वतःचं नाव सांगते, आणि ते कोणाला नको असतं.

तेव्हा लॅटूनच्या झुडपाची गोष्ट गोड आणि बॅलिव्हाडलीची भयानक, असं वेगळं ताट मला वाढता येत नाही. दोन्हीकडे ‘ते’ तेच आहेत. एका ठिकाणी त्यांच्या भीतीने झाड वाचलं, दुसऱ्या ठिकाणी त्याच भीतीने बाई जळली.

इथपर्यंत माझ्यातली शिबिरातली कार्यकर्ती बोलते. पण ब्रिजेटच्या खटल्याचा आणखी एक भाग आहे आणि तोही तितकाच खरा आहे. आयर्लंडला स्वराज्य द्यावं की नाही हा वाद तेव्हा ब्रिटनमध्ये जोरात होता. खटल्याच्या बातम्या लंडनपर्यंत गेल्या, आणि विरोधकांना आयतं हत्यार मिळालं: हे रानटी लोक, बायका जाळणारे, हे काय राज्य करणार? खोलीत जळलेली बाई त्यांच्यासाठी पुरावा होती, तेवढीच. म्हणजे बाहेरच्या माणसाचा अविश्वास सुद्धा आपोआप शहाणा किंवा भला ठरत नाही. आपल्याकडेही सतीपासून नरबळीपर्यंत कितीतरी गोष्टी साहेबाने अशाच मोजल्या. त्या प्रथा वाईट होत्याच. पण मोजणाऱ्याला त्या बाईची पडलेली नव्हती. मी इथे बाहेरून आलेली आहे, तेव्हा हे स्वतःला रोज बजावावं लागतं.

यावर एक आक्षेप मी पुष्कळदा ऐकला आहे आणि तो पोकळ नाही. लोक म्हणतात, भीती नसती तर एकही लिस उरला नसता. हजार-दीड हजार वर्षं ही जमीन कोणी नांगरली नाही ती कायद्यामुळे नव्हे, ‘त्यांच्या’ धाकामुळे. खरं आहे. आपल्या देवरायाही अशाच टिकल्या. परिसरशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि वनस्पतिशास्त्रज्ञ डॉ. वर्तक यांनी 1970च्या दशकात सह्याद्रीतल्या देवरायांचा अभ्यास केला, तेव्हा बाहेरचं जंगल तुटून गेलेलं असताना आत शेकडो वर्षांची झाडं उभी दिसत होती. देवाच्या रानातली वाळकी काटकीही घरी न्यायची नाही, हा नेम जंगल खात्याच्या शिपायापेक्षा कडक होता.

पण पुढे काय झालं तेही बघा. 1973 साली आयर्लंड युरोपीय समुदायात गेला, शेतीला पैसा आला, बुलडोझर आले, शेतं मोठी करायची घाई झाली, आणि कितीतरी लिस सपाट झाले. ज्यांच्या आजोबांनी आतलं गवत कापलं नव्हतं, त्यांच्या नातवांनी बांधच काढले. भीती एका पिढीत गेली. तिच्या मागे दुसरं कारण उभं नव्हतं, कारण हे बांध कोणाचे, किती जुने, का राखायचे हे कोणी सांगितलंच नव्हतं. ‘हात लावू नको, वाईट होईल’ एवढंच सांगितलं होतं. देवरायांचंही तेच. देवळाचा जीर्णोद्धार काढला, सिमेंटचा सभामंडप ठरला, पैसे कमी पडले की राईतलीच झाडं विकली जातात. देवाची भीती तशीच राहते, पण ती झाडांवरून उठून मूर्तीवर जाऊन बसते. लॅटूनचं झुडूपही पाहा. 2002 साली कोणीतरी रात्री येऊन यंत्राच्या करवतीने त्याच्या सगळ्या फांद्या छाटल्या. भीतीने त्या माणसाचा हात धरला नाही. बुंधा शिल्लक होता, व्हाइटथॉर्न चिवट असतं, ते पुन्हा फुटलं.

म्हणून मी म्हणते की जागा राखा, गोष्टी राखा, पण त्यांच्यावर भीतीला राखणदार नेमू नका. तिच्या भरवशावर काही टिकत नाही, आणि टिकतं तेव्हा ती त्याची किंमत कुणाच्या तरी अंगावरून वसूल करते. बहुतेक वेळा आजारी बाईच्या किंवा अधू मुलाच्या.

हे करता येतं, याचा उत्तम नमुना आयर्लंडनेच घालून दिला आहे. 1935 मध्ये त्यांनी सरकारी पैशाने लोककथा आयोग नेमला. 1937 ते 1939 या काळात प्राथमिक शाळांच्या वरच्या वर्गातल्या मुलांना वह्या दिल्या आणि सांगितलं, घरच्या, शेजारच्या म्हाताऱ्यांना विचारा आणि लिहून आणा. सुमारे 5 हजार शाळा, सुमारे 7 लाख 40 हजार पानं. ती आज डब्लिनच्या विद्यापीठात आहेत आणि बरीचशी इंटरनेटवर कोणालाही वाचता येतात. संध्याकाळी मी ती चाळत बसते. अकरा-बारा वर्षांच्या पोरांचं वळणदार अक्षर, वर गावाचं नाव, खाली ‘हे मला माझ्या आजीने सांगितलं’. कुठेही ‘हे खरं आहे, घाबरा’ असं नाही आणि ‘हे खोटं आहे, हसा’ असंही नाही. कोणी सांगितलं आणि काय सांगितलं, एवढंच. गोष्ट कागदावर उतरली की तिचा धाक कमी होतो आणि गोडी राहते. पाटण, जावळी, अक्कलकुव्याच्या शाळांतून असं एक वर्ष आपण का करू नये? चकव्याच्या, आसरांच्या, राखणदाराच्या गोष्टी सांगणाऱ्या आज्या दरवर्षी कमी होत आहेत.

दुसरी बाजू कायद्याची. आयर्लंडमध्ये 1930 पासून स्मारकांचा कायदा आहे; 2012 साली केरीतल्या एका शेतकऱ्याला लिस उद्ध्वस्त केल्याबद्दल 25 हजार युरो दंड झाला. माणसांच्या बाजूने पाहिलं तर आपण पुढे आहोत, आणि त्याची किंमत मोजून पुढे आहोत. 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात नरेंद्र दाभोलकरांना गोळ्या घातल्या, आणि त्यानंतर जो जादूटोणाविरोधी कायदा झाला त्याच्या अनुसूचीत पहिल्याच कलमात भूत उतरवण्याच्या नावाखाली बांधून मारणं, मिरचीची धुरी देणं हे गुन्हे आहेत. मी ते कलम पहिल्यांदा वाचलं तेव्हा आत्याला फोन केला होता. त्या कायद्याने कुणाला गोष्ट सांगायची बंदी केलेली नाही. विश्वास ठेवायचीही नाही. ज्याच्या अंगावर तो विश्वास चालवला जातो, त्याच्या बाजूने मात्र तो उभा आहे.

आता माझा अविश्वास बदलला म्हणाले, ते.

गेल्या वर्षी आमच्याकडे एका लहान रस्त्याच्या रुंदीकरणाचं काम आलं. रेघ घरमालकिणीच्या लिसच्या कडेला घासत जात होती. मी ती चार मीटर सरकवली आणि कारणाच्या रकान्यात लिहिलं, ‘स्मारक, स्थानिक श्रद्धा’. घरी आल्यावर तिला सांगितलं, तुमच्या भल्या माणसांची जागा वाचली. ती बराच वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, चल.

मे महिना होता. बांधावरचं व्हाइटथॉर्न फुललं होतं, त्याचा तो गोडसर, जरा कुजकट वास येत होता. इतक्या वर्षांत मी पहिल्यांदा आत पाऊल टाकलं. गवतात वीतभर उंचीचे दगड दिसले, काही ओळीत, काही तिरके. मधूनमधून पांढरे गारगोटे ठेवलेले. तिने काठीने एका कोपऱ्याकडे दाखवलं. ‘माझी बहीण.’

बाप्तिस्मा होण्याआधी मेलेल्या बाळाला चर्चच्या स्मशानात जागा नसायची. शिकवण अशी होती की ते स्वर्गात जात नाही. मग बाप लाकडी खोक्यात बाळ घालून रात्री एकटाच निघायचा आणि ओसाड लिसमध्ये पुरून यायचा. अशा जागांना ‘किलीन’ म्हणतात आणि त्या देशभर आहेत. आई बाळंतपणातून उठलेली नसायची. पुष्कळदा तिला जागाही सांगितली जात नसे. अशा बाळांना देव तारेल अशी आशा ठेवायला कारण आहे, असं व्हॅटिकनच्या धर्मशास्त्र आयोगाने लिहिलं ते 2007 मध्ये.

तिच्या वडिलांनी आयुष्यभर पोरांना एवढंच सांगितलं होतं, की आत जाऊ नका, ते रागावतील.

मी तिथे उभी राहून विचार करत होते की या गोष्टीला मी दहा वर्षं एकच प्रश्न विचारला होता, खरी की खोटी. तिच्या वडिलांना मोठ्याने सांगता येत नव्हतं की इथे माझी मुलगी आहे, तिच्यावरून नांगर नेऊ नका. सांगितलं असतं तर पाद्र्याने ऐकलं नसतं आणि शेजाऱ्यांनी मान फिरवली असती. म्हणून ते ‘त्यांच्या’ नावाने बोलले. ‘ते’ नाहीत हे मला आजही तितकंच पक्कं माहीत आहे. पण या शेतात ‘ते’ कोणाच्या बदली उभे होते, हे मी विचारायला हवं होतं. बॅलिव्हाडलीतही विचारायला हवं होतं की त्या बाईविषयी, तिच्या कमाईविषयी, रिकाम्या कुशीविषयी त्या घरात काय बोललं जात नव्हतं. माझ्या आत्याविषयीही.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात जाऊन मी तो रकाना पुन्हा उघडला. ‘स्थानिक श्रद्धा’ खोडून ‘बालकांची दफनभूमी’ असं लिहिलं आणि पुरातत्त्व विभागाला कळवायचा अर्ज भरायला घेतला. अर्जात माहितीचा स्रोत विचारला होता. संध्याकाळी मी तिला विचारलं, तुमचं नाव लिहू का? ती म्हणाली, लिही. बहिणीचं नाव विचारलं, तर ते कोणी ठेवलंच नव्हतं. तारीख मात्र तिच्या आईने मरण्याआधी तिला सांगून ठेवली होती, 11 फेब्रुवारी 1946. ती तिने चहाच्या टेबलावर मला दोनदा सांगितली, आणि मी बरोबर उतरवली की नाही ते चष्मा लावून पाहिलं.